धापदरीचा वाटाड्या

पूर्वी नीलशृंग नगरात वज्रबाहू नावाचा राजा राज्य करत असताना बोधिसत्त्व एका वाटाड्याच्या कुळात जन्मला होता. त्याचं नाव सोमिल. त्या मुलखात आभाळात दोन चंद्र उगवायचे आणि डोंगर तांबडेलाल होते. मिठागरातून नगरात यायला एकच वाट, ती धापदरीतून. पळून दमलेल्या माणसासारखी ती दरी धापा टाकायची. फुस्स करून हवा बाहेर, सूं करून आत. आत गेलेले तांडे कधी सुखरूप निघायचे, कधी माणसं बसल्या जागी मेलेली सापडायची. अंगावर साधा ओरखडा नाही. का, ते कुणाला ठाऊक नव्हतं.

तांडे दरीत शिरताना पुढं दिवा धरायचे. विझला तर दरी रागावली, मागं फिरायचं. पण दिवा धरायचा कपाळाच्या वर. दरी म्हणजे देवी, तिच्यापुढं दिवा खाली केला की तांडा बुडालाच, असं सगळे मानायचे.

त्या साली राजानं दवंडी पिटली, पहिलं मीठ आणील त्याला पेठेचं नाईकपण. तांड्याचा नाईक जालक मिठाचे साठ बैल घेऊन दरीच्या तोंडाशी आला. मागून दुसऱ्या व्यापाऱ्याचा, तुंडिलाचा, तांडा येत होता, त्याची धूळ दिसत होती. जालक मुळातच तापट, त्यात ती धूळ. त्याचा पाय एका जागी ठरेना. बैलही खूर आपटत दावी ओढत होते.

जालकाची म्हातारी आई, खेमा, सोबत होती. तिचे पाय गेले होते. बैलामागं चाकं नसलेली फळी जमिनीवरून ओढायची, तिच्यावर ती पडून असायची.

तांड्याचा वाटाड्या म्हणून सोमिल दिवा घेऊन आत शिरला. चार पावलांवर एक ससा मरून पडलेला, अन् वर झाडावर पाखरं खुशाल ओरडतायत. पुढं एक कोल्हा, तोही मेलेला. सोमिल थांबला. त्यानं दिवा हळूहळू खाली आणला. घोट्यापाशी ज्योत निळी झाली, जमिनीपाशी गप्पकन विझली.

जालक धावत आला आणि त्यानं सोमिलाच्या थोबाडीत हाणली. "मुडद्या! सत्यानाश केलास माझ्या तांड्याचा!"

"नाईक, आणखी एक मारा, पण ऐका. वाईट हवा पाण्यासारखी तळाला साचलीय. आज जाऊ नका."

जालकानं चकमक झाडून दिवा पेटवला आणि वर धरला. "हे बघ! जळतोय का नाही? डोळे फुटले का तुझे?"

"जळतोय की. पण तुमच्या कपाळाशी जळतोय. आईचं डोकं कुठं आहे ते बघा."

"आईला मधे आणू नकोस! सात खेपा झाल्यात तिच्या."

"आठ," फळीवरून खेमा म्हणाली. "अन् दर खेपेला बाहेर येईस्तोवर डोकं फुटायला होतं. पण सांगितलेलं ऐकशील तर तू जालक्या कसला!"

माणसं हसली. जालक आणखी भडकला. "दात काय काढता? हाका बैल! तुंडिल उरावर आला!"

सोमिल म्हणाला, "जायचंच तर आईला पाठुंगळी घ्या. फळीवर मी पडतो. पुढं दरी आणखी खोल आहे, तिथं हवा किती वर आलीय ते मलाही ठाऊक नाही. खाली धरलेल्या दिव्याला तुम्ही मानत नाही, माणसाला तरी माना. मी हात वर धरून राहीन. हात पडला की मागं फिरा."

"लोळायचंय म्हण की, ऐतखाऊ!" जालक फिस्कारला. पण वाद घालायला सवड कुणाला होती? त्यानं आईला पाठीवर घेतलं आणि सोमिल फळीवर आडवा झाला.

तांडा निघाला. दरी धापा टाकत होती. खेमा मान वळवून मागं बघत होती. "हात आहे," ती म्हणायची. थोडं चालून पुन्हा, "आहे." मग तिनं मान आणखी वळवली. मग म्हणाली, "जालक्या, हात पडला रे."

जालकाला ऐकू आलं. तरी तो चालत राहिला. डोळ्यापुढं तुंडिलाची धूळ होती. दहा पावलं चालला. तेवढ्यात शेजारचा गडी गुडघ्यावर आला, अन् मग जालक ओरडला, "फिरा! मागं फिरा!"

धडपडत सगळे बाहेर आले. सगळे वाचले. फळीवरचा सोमिल तेवढा गेला होता. त्या दहा पावलांत गेला का आधीच, हे जालकाला शेवटपर्यंत कळलं नाही.

तुंडिल आला तो हसतच. "काय नाईक, देवीनं हाकललं वाटतं? सरका, आमचं मीठ जाऊ द्या."

जालकानं दिवा उचलला, दोन पावलं आत जाऊन सगळ्यांदेखत जमिनीवर टेकवला. तो विझला. जालक म्हणाला, "हा इथं जळेल तेव्हा जा. त्याआधी जायचं तर माझ्या अंगावरून बैल घाल." आणि दरीच्या तोंडाबाहेर, जिथं हवा चांगली होती तिथं, तो वाटेत आडवा झाला. तुंडिलानं शिव्या दिल्या, दगड मारला. जालक हलला नाही.

तिसऱ्या दिवशी वारा फिरला. पुन्हा पेटवून खाली ठेवलेला दिवा सरळ जळला. जालक उठला, वाट सोडून बाजूला उभा राहिला आणि तुंडिलाला म्हणाला, "जा. पहिला तू जा."

एवढं सांगून शास्ता, म्हणजे भगवान बुद्ध, म्हणाले, "भिक्षूंनो, तेव्हाचा जालक म्हणजे शब्दाशब्दाला पेटणारा हा आपला रोहक. तुंडिल म्हणजे सकाळी घागरीवरून त्याच्याशी भांडलेला मेघिक. खेमा म्हणजे विहाराचं अंगण झाडणारी ती वाकलेली उपासिका. आणि फळीवर पडलेला वाटाड्या मीच होतो. मार खाऊनही मारणाऱ्याचं भलं सोडायचं नाही, याला क्षांती म्हणतात."