सात रेशमी वस्त्रांतला ग्रंथ

एका राज्यात ग्रंथांची पूजा फार मोठी होई आणि वाचन मुळीच होत नसे. ऐका त्या राज्याची गोष्ट. ऐकताना राग आला तर येऊ द्या. सांगणाऱ्यालाही आलेला आहे.

त्या राज्यात ऋतुध्वज नावाचे आचार्य होऊन गेले. चाळीस वर्षे ते रानोमाळ हिंडले. कोणती मुळी कोणत्या दुखण्यावर चालते हे झाडांनाच विचारून त्यांनी भूर्जपत्रांवर लिहिले. त्या काळी झाडे विचारले की सांगत. आचार्य वारले तेव्हा रिवाजाप्रमाणे त्यांचा ग्रंथ हत्तीवरून मिरवला, सात रेशमी वस्त्रांत बांधला आणि देवळात बसवला. रोज हळदकुंकू, नैवेद्य, आरती. रक्षक होता कपालभट मांत्रिक. गाठ सोडणाऱ्याचा दगड होई. देवळाच्या आवारात असे एकोणीस दगड उभे होते.

बारा वर्षांनी राज्यात निळा ताप आला. आधी नखे निळी होत, मग ओठ, आणि सातव्या दिवशी माणूस संपे. घरेच्या घरे ओस पडली. आचार्यांची शिष्या शाल्मली हिची आईही अंथरुणाला खिळली. आचार्यांसाठी रानात मुळ्या खणायचे काम वर्षानुवर्षे शाल्मलीनेच केले होते. निळ्या तापाचा उपाय त्यांनी अखेरच्या वर्षी लिहिला, एवढे तिला ठाऊक होते. काय लिहिला ते मात्र ठाऊक नव्हते.

ती तडक देवळात गेली. "ग्रंथ उघडा."

"देव कधी उघडतात का, मुली?" कपालभट म्हणाला. "आणखी एक आरती करू."

शाल्मलीच्या अंगाचा तिळपापड झाला. "आरतीने नखांचा रंग बदलत असेल, तर आधी माझ्या आईपुढे करून दाखवा!"

"तीन गोष्टी आण, मग गाठीला हात लाव. काळडोहाचे पाणी, अग्निपक्ष्याचे पीस, आणि ज्याने ग्रंथ लिहिला त्याची परवानगी." मेलेला माणूस परवानगी कुठून देणार, म्हणून तो गालात हसत होता.

देवळाच्या शिखरावर आचार्यांची साळुंकी राहत असे. ती म्हणाली, "माझ्यामागून ये."

काळडोहाचे पाणी शाईसारखे काळे होते. मगरीने विचारले, "बदल्यात काय देशील?"

"काही नाही. आईचा आज तिसरा दिवस आहे. बाजूला हो."

मगर बाजूला झाली. तिच्याशी असे कोणी कधी बोललेच नव्हते. अग्निपक्ष्याचे पीस उपटताना शाल्मलीचा डावा तळहात करपला. ती रडली नाही. कपालभटाच्या नावाने शिव्या मात्र पोटभर दिल्या.

सहाव्या दिवशी साळुंकीने आचार्यांच्या समाधीवर तीनदा चोच आपटली. आतून आवाज आला, "कोण?"

"शाल्मली. ग्रंथ उघडायची परवानगी हवी."

"परवानगी दिली. पण शाप सुटणार नाही, बाळ. तो मीच कपालभटाकडून मागून घेतला आहे. माझ्या लिहिण्यात कोणी ढवळाढवळ करू नये म्हणून."

बारा वर्षे शाल्मली या समाधीला फुले वाहत आली होती. समोरची ताजी फुले तिने दोन्ही हातांनी उधळून दिली.

"माणसे मरताहेत, आचार्य! आणि तुम्ही अक्षरे राखून ठेवलीत? लाज नाही वाटत?"

"वाटते," आचार्य म्हणाले. "ग्रंथातली चूक जो दुरुस्त करील, त्याच्या हातून शाप तुटेल. चूक निघणारच नाही, या घमेंडीत मी ती अट घातली."

"चूक कुठे आहे?"

"ठाऊक असती तर राहू दिली असती का?"

सातव्या दिवशी सकाळी, भर आरतीत, शाल्मलीने गाठ सोडली. पहिले वस्त्र निघाले आणि पावले दगडाची झाली. सातवे निघाले तेव्हा दगड कमरेपर्यंत चढला होता. ती भराभर पाने उलटत राहिली. शेवटच्या पानावर लिहिले होते: निळ्या तापावर नीलवेलीची मुळी, फुलोऱ्याआधी खणलेली.

शाल्मलीने ते पुन्हा वाचले आणि तिचे डोळे पेटले. फुलोऱ्याआधी ती मुळी विषारी असते! ती खणताना शाल्मलीच्या स्वतःच्या बोटांना फोड आले होते. आचार्यांनी साऱ्या झाडांना विचारले; खणणारीला कधी विचारले नाही.

तिने पीस काळ्या पाण्यात बुडवले, 'आधी' खोडले आणि 'नंतर' लिहिले. दगड खळकन गळून पडला. आवारातली एकोणीस माणसे आळस देत उठली. शाप उलटला तो कपालभटावर; आरतीचे तबक हातात धरूनच तो दगड झाला.

नीलवेलीचा फुलोरा नुकताच सरला होता. शाल्मली रानात धावली, मुळी खणून आणली, उगाळून पाजली. संध्याकाळपर्यंत आईच्या ओठांवर लाली आली. आठवड्यात राज्यातून ताप गेला.

राजा पद्मसेन स्वतः तिच्या दारी आला. "तुझी मूर्ती देवळात बसवतो."

"खबरदार, महाराज!" शाल्मली म्हणाली. "शापाने दगड झालेले उठले. तापाने गेलेले उठणार आहेत का? बसवायचेच असेल, तर ग्रंथ चावडीवर बसवा, उघडा. गुराख्यांना, सुइणींना, खणणाऱ्यांना विचारा काय चुकले आहे ते. आणि पहिल्या पानावर गेलेल्यांची नावे लिहा."

राजाने मान खाली घातली आणि तसेच केले.

आजही त्या राज्यात ग्रंथ वाचण्याआधी ती नावे वाचतात. वाचून व्हायला अर्धा दिवस जातो, आणि तोवर कोणालाच बसू देत नाहीत, राजालाही नाही.