तेंगूनं शाकारलेलं घर

एक होता राजा. पण तो लांब आपल्या महालात बसून होता, डोंगरात येतोय कशाला! त्याला तिथंच बसू दे. आपली गोष्ट तोकुझोची.

हा तोकुझो राहायचा जपानात. समुद्रापलीकडं, लई लांब. तिथं डोंगराच्या पोटात तेरा घरांचं एक गाव होतं. हिवाळ्यात बर्फ पडायचा तो माणसाच्या डोक्यावरून जायचा. म्हणून घरांची छपरं अशी उभी, हात जोडल्यासारखी, आणि गवतानं शाकारलेली. हातभर जाड गवत, बरं का.

असलं छप्पर काही एकट्यादुकट्याचं काम नव्हे. म्हणून गावाची एक रीत होती. बर्फ वितळला की एका घराचं छप्पर बदलायचं आणि तेराही घरांतल्या माणसांनी तिथं जायचं. बाप्यांनी वर चढायचं, बायकांनी पेंढ्या वर द्यायच्या, म्हाताऱ्यांनी दोर वळायचे. पुढच्या वर्षी पुढचं घर. आपल्याकडं शेतात सावड करतात ना, तशी ती छपरांची सावड. तेरा वर्षांनी पाळी यायची.

छप्पर तिकडं शिवतात. हसू नका. बाहेरचा माणूस बांबूची पुरुषभर लांब सुई गवतातून आत खुपसतो. आतला माणूस तिचा दोर वाशाभोवती घेतो आणि सुई परत बाहेर ढकलतो. दोघांना एकमेकांचं तोंड दिसत नाही. नुसतं ओरडायचं. बाहेरून "घे!" आतून "घेतला!" त्या गावात बाहेर असायचा यासुके आणि आत आपला तोकुझो. शेजारी शेजारी घरं आणि मिसरूड फुटल्यापासूनची जोडी.

मग एका वर्षी काय झालं, तोकुझोचं छप्पर गळायला लागलं. घर होतं डोंगराच्या सावलीत, गवतावर शेवाळ चढलेलं. त्याची पाळी यायला अजून सहा वर्षं. आणि त्याची बायको ओसेन, ती खोकायची. पावसात अंथरूण या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात ओढत न्यायची आणि खोकायची.

तोकुझो गेला जिंबेईकडं. जिंबेई म्हणजे गावचा पाटील म्हणा.

"जिंबेईबाबा, औंदा माझं छप्पर घ्या."

"औंदा ओयोने म्हातारीचं आहे. विधवा बाई, तिचा एक वासासुद्धा खचलाय. तुला दोन माणसं देतो, वरवर डागडुजी करून घे."

"डागडुजी नको. बायको खोकतेय माझी."

"म्हातारीला उघड्यावर ठेवू का मग? तूच सांग."

उत्तर नसलं की माणूस काय करतो? चिडतो. "राहू द्या तुमचं गवत," तोकुझो म्हणाला आणि तरातरा निघाला तो थेट डोंगरात.

आता त्या डोंगरात तेंगू राहायचा. आपल्याकडं वेताळ असतो ना, तसला तिकडं तेंगू. लाल तोंड, वीतभर नाक, पाठीला पंख. देवदाराच्या शेंड्यावर बसलेला. तोकुझोची बडबड त्यानं वरूनच ऐकली.

"मी शाकारून देतो," तेंगू म्हणाला. "एका सकाळीत. कधी गळणार नाही, कधी सडणार नाही."

"आणि तुला काय पाहिजे?"

"तीन दिवस. तीन वर्षं, वर्षाचा एक दिवस. खाली गावात तुमची शाकारणी असते त्या दिवशी तू वर यायचंस. माझ्याशी कुस्ती खेळायची, माझ्याबरोबर जेवायचं. त्या दिवशी तुमची गाणी वर ऐकू येतात. मला एकट्याला ती ऐकवत नाहीत."

तीन दिवस म्हणजे काय मोठं! तोकुझोनं मान डोलावली. तिथंच चुकला.

दुसऱ्या सकाळी वारा सुटला. ओसेननं दार उघडून बघितलं तर डोंगरावरचं गवत आपल्या पायानं चालत यावं तसं उडत येतंय आणि छपरावर बसतंय. दोर आपोआप वळतायत, गाठी आपोआप पडतायत. सूर्य डोक्यावर यायच्या आत छप्पर तयार. सोन्यासारखं. बर्फ त्यावर टिकेना. पावसाचा तर आवाजसुद्धा आत येईना.

तोकुझो खूश. ओसेननं विचारलं, "अहो, आणि याच्या बदल्यात?" त्यानं सांगितलं.

ती म्हणाली, "गळत होतं ते बरं होतं."

"तुझ्यासाठीच केलं ना गं!"

"हो," ती म्हणाली आणि खोकली.

मग पहिलं वर्ष. ओयोने म्हातारीचं छप्पर. सगळं गाव तिथं, तोकुझो डोंगरात. तेंगूनं त्याला सात वेळा आपटला आणि मासे भाजून खाऊ घातले. खाली ओसेननं सांगितलं, त्यांची कंबर धरलीय. लोक म्हणाले, असेल.

मग दुसरं वर्ष. जिंबेईचं छप्पर. ओसेन मुळ्याचं लोणचं घेऊन गेली आणि खाली मान घालून पेंढ्या देत राहिली. कुणी काही विचारलं नाही. पण परत येताना तिच्या हातात लोणच्याची बरणी होती तशीच. कुणी हात लावला नव्हता.

ती म्हणाली, "पुढच्या वर्षी यासुकेंचं आहे. त्यांच्या तरी छपरावर जा. तेंगूचं काय, मारून मारून किती मारेल?"

"शब्द दिलाय."

"यासुकेंना नव्हता दिलेला? तोंडानं द्यावा लागतो का तो?"

खरं सांगायचं तर तोकुझोला आता वाटायला लागलं होतं, माझ्या छपराला कुणाची गरज नाही, मग मी का लोकांचे वासे धरू? असा विचार माणसाच्या मनात हळूच येतो आणि पाय पसरून बसतो.

मग तिसरं वर्ष. यासुकेचं छप्पर. यासुके वर चढला. आत कुणाला तरी उभं केलं होतं, नवखा माणूस. यासुके ओरडला "घे!" आतून आलं "घेतला!" पण त्या माणसानं दोर वाशाभोवती घेतलाच नव्हता, नुसता परत ढकलला होता. यासुकेला काय दिसणार? तीस वर्षं आतून आवाज आला की तो डोळे मिटून त्या दोरानं आवळलेल्या बांबूवर पाय टाकायचा. तसाच टाकला. दोर सुटला आणि यासुके खाली. पाय मोडला. जन्माचा लंगडा झाला.

तोकुझो तेव्हा डोंगरात मासे खात होता.

संध्याकाळी गाव बसलं. जिंबेई तोकुझोच्या दारात आला आणि उंबऱ्याबाहेरूनच बोलला.

"तोकुझो, आजपासून गाव तुझ्याशी बोलणार नाही. पेरणीला नाही, कापणीला नाही, सणाला नाही, लग्नाला नाही. फक्त दोन गोष्टींना येऊ. घरात मयत झालं तर, आणि घराला आग लागली तर. त्याला तर आम्ही शत्रूच्याही घरी जातो."

त्या वेळी तोकुझोनं खाली बसून नुसतं "चुकलो" म्हणायचं होतं. एवढासा शब्द. पण हा छाती काढून म्हणाला, "माझं छप्पर जळायचंही नाही आणि गळायचंही नाही. नका येऊ." आणि दार लावून घेतलं.

वाळीत टाकणं म्हणजे काय, ते तोकुझोला इतकं कळलं नाही. तो रानात असायचा. कळलं ओसेनला. ओढ्यावर ती गेली की बायका धुणं उचलून पुढच्या दगडावर जायच्या. ती बोलकी बाई हो. दिवसभर दारात उभी राहून लोकांना जाताना बघायची. मग दारात यायचीही बंद झाली. घर कोरडं ठणठणीत, उबदार, आणि ओसेन त्यात वाळत गेली. हिवाळा आला, बर्फ पडला, आणि एका सकाळी ती उठली नाही.

मग गाव आलं. शब्दाप्रमाणं आलं. बायकांनी तिला न्हाऊ घातलं. बाप्यांनी बर्फ खणून जागा केली. यासुके काठी टेकत टेकत आला आणि त्यानं एका बाजूनं खांदा दिला. तोकुझो त्याच्याजवळ गेला, काहीतरी बोलावं म्हणून तोंड उघडलं.

यासुके म्हणाला, "वहिनींसाठी आलोय."

सगळं उरकलं. तोकुझोनं चहा ठेवला होता. कुणी घेतला नाही. तेरा पेले भरलेले, आणि माणूस एकटा.

मग तोकुझो गेला तेंगूकडं. म्हणाला, "तुझं छप्पर परत घे."

"मला दिलेलं परत घेता येत नाही," तेंगू म्हणाला. "आणि त्याला वाईट तरी काय आहे? तुझ्यानंतरही शंभर वर्षं टिकेल."

"म्हणूनच नको आहे."

तेंगूला काही समजलं नाही. बिचारा झाडावर एकटा राहिलेला, त्याला काय समजणार? म्हणाला, "मग माझ्याकडं येऊन राहा." तोकुझो खाली उतरला.

घरी बसून त्यानं विचार केला. गाव दोनच गोष्टींना येतं. एक मयत. आता घरात मरायला तो एकटाच उरला होता, आणि मेल्यावर आलेल्या माणसांशी बोलता येत नाही. मग राहिली दुसरी.

शेजारपाजारच्या छपरांवर बर्फ आहे ना, ते त्यानं आधी बघून घेतलं. ठिणगी उडाली तरी लागायला नको. एवढी अक्कल त्याला होती. मग भर दुपारी त्यानं चूड पेटवून गवताला लावली. विझली. दुसरी लावली. विझली. तेंगूचं गवत ते! तिसऱ्यांदा त्यानं मधल्या चुलीतले सगळे निखारे फावड्यानं भरले, शिडी लावली आणि थेट आढ्यात नेऊन ओतले.

पेटलं. असं पेटलं की डोंगर लाल झाला.

गावात लाकडी टोल वाजला. आणि बघता बघता सगळे धावत आले, बादल्या घेऊन, फावडी घेऊन, उघड्या पायांनी बर्फातून. ओढ्यापासून घरापर्यंत रांग लागली. बादली या हातातून त्या हातात, त्या हातातून पुढं. तोकुझोही रांगेत शिरला. त्याच्या एका बाजूला ओयोने म्हातारी, दुसऱ्या बाजूला काठी टाकून उभा राहिलेला यासुके. तोकुझोनं म्हातारीकडं बादली दिली ती तिरकी, पाणी सगळं तिच्या पायावर.

म्हातारी खेकसली, "नीट धर की रे मेल्या! गारठवतोस का मला?"

दहा महिन्यांत त्याच्याशी कुणी आपणहून बोललेला हा पहिला शब्द. तोकुझो बादली हातात धरून ओक्साबोक्शी रडायला लागला. लोकांना वाटलं, घरासाठी रडतोय.

यासुके हळूच म्हणाला, "रडू नकोस. घे."

"घेतली," तोकुझो म्हणाला, आणि बादली पुढं दिली.

घर काही वाचलं नाही. संध्याकाळी नुसते काळे वासे उरले. जिंबेईनं घाम पुसत विचारलं, "लागली कशी?"

"मी लावली."

बर्फावर निखारे चरचरत होते.

"कशाला?"

"तुम्ही यावंत म्हणून."

जिंबेई त्याच्याकडं बघत राहिला. मग एकदम भडकला. "गाढवा! माझ्या दारात येऊन चुकलो म्हणायचं होतंस!"

"तुम्ही ऐकलं असतंत?"

"मग कान काय भाड्यानं आणायचे होते? वर्षभर वाट बघत होतो आम्ही. माझी बायको रोज म्हणायची, आज येईल, उद्या येईल. ओसेन असताना आला असतास तर..." एवढंही बोलायला नको होतं. तोकुझो तिथंच बर्फात बसला.

आग लावणं हा तिकडं मोठा गुन्हा. गावानं शिक्षा केली. तोकुझोची पाळी सगळ्यांच्या शेवटी गेली. नव्यानं एकापासून मोजायचं, आणि हा तेरावा. तोवर त्यानं यासुकेच्या अवजारांच्या खोपट्यात राहायचं.

तोकुझो बारा वर्षं बारा छपरांवर गेला. यासुकेला आता वर चढता यायचं नाही, म्हणून यासुके आत आणि तोकुझो बाहेर. दर वर्षी शाकारणी झाली की दुसऱ्या दिवशी तो गावजेवणातला भात घेऊन डोंगरात जायचा आणि देवदाराखाली ठेवून यायचा. तेंगू खाली उतरायचा का, माहीत नाही. भात संपलेला असायचा एवढं खरं.

मग तेराव्या वर्षी सगळं गाव तोकुझोच्या पडीक जागेवर आलं. वासे उभे केले, पेंढ्या चढवल्या, गाणी म्हटली. ओयोने म्हातारी तेव्हा नव्वदीची, तीही एका कडेला बसून दोर वळत होती आणि सगळ्यांना शिव्या देत होती. छप्पर झालं. साधंच, माणसांनी केलेलं. पहिल्याच पावसात एका कोपऱ्यातून टिपटिप गळलं. तोकुझो त्या थेंबाकडं बघत रात्रभर बसला, आणि सकाळी यासुके येऊन त्याला हसला.

त्यानंतर तोकुझो सुखानं राहिला. यासुके सुखानं राहिला, जिंबेई राहिला, सगळं गाव राहिलं. ओसेन तेवढी राहिली नाही. तिला ते जेवण, ती गाणी बघायला मिळाली नाहीत. त्याला काही इलाज नव्हता, आणि तोकुझोलाही ते ठाऊक होतं.

संपली गोष्ट. आता तुम्ही दोघं एकमेकांकडं पाठी करून का पडलायत? मघाशी भांडलात ते माहीत आहे मला. तोंडं इकडं फिरवा. हां. एकमेकांना काय बोलायचं ते बोला, आणि झोपा.