बयजाचं घोरणारं मडकं

एक होतं गाव. ते कुणाला दिसायचं नाही, नुसतं ऐकू यायचं. शमे, हसू नकोस, खरंच सांगतेय. डोंगराच्या पार कुशीत होतं ते, आणि रोज गुरं परतायच्या वेळेला असं धुकं उतरायचं की स्वतःचा हात स्वतःला दिसू नये. मग माणसं घरी यायची कशी? तर आवाजानं.

त्या गावामागे हुंकाऱ्या नावाचा डोंगर होता. त्याच्या पोटात एक कपार होती. कुणी नवं घर थाटलं की नवं कोरं मडकं घेऊन तिथं जायचं, मडक्याचं तोंड कपारीला लावायचं आणि गुपचूप उभं राहायचं. मग डोंगर एकदाच हुंकार भरायचा. तो हुंकार मडक्यात जाऊन बसायचा तो कायमचा. झाकणी ठेवली की गप्प, काढली की सुरू. प्रत्येक मडक्याचा सूर वेगळा, बरं का. धुकं आलं की मडकं दारातल्या शिंक्यात टांगायचं नि झाकणी काढायची. मग ज्यानं त्यानं आपापला सूर धरून घरी यायचं.

तर त्या गावात खालच्या टोकाला बयजा राहायची. नवरा मीठ आणायला दूरदेशी गेलेला, घरात ती आणि तिची आठ वर्षांची झिपरी. बयजाच्या हाताला चव होती, कामाचा उरक होता, सगळं होतं. पण तिचं मडकं घोरायचं. घुर्रर्र, घुर्रर्र. पोरं म्हणायची, बयजाकाकूंकडे म्हैस निजलीय.

आणि वरच्या टोकाला राहायची ठकू. तिच्या मडक्यातून असा गोड सूर यायचा की येणारा-जाणारा तिच्या कुंपणाशी घटकाभर थांबायचाच. बयजाला ते बघवेना. ठकूनं हौसेनं जेवायला बोलावलं तरी हिच्या घशाखाली घास उतरेना. पुरणपोळीसुद्धा कडू लागे, आता बोला. माझ्यातच काय कमी होतं, असं ती चुलीपुढे बसून पुटपुटायची.

मग एक दिवस तिनं काय केलं, जुनं मडकं फोडून टाकलं आणि नवं घेतलं. अगदी ठकूच्या मडक्यासारखंच, टणक भाजलेलं. त्याला आतून चंदन लावलं आणि गेली हुंकाऱ्याकडे. कपारीला मडकं लावलं, हात जोडले. डोंगरानं हुंकार भरला. घुर्रर्र! पहिल्यापेक्षा जरा मोठाच.

मग ती आणखी जळली. ठकू पाण्याला गेलेली बघून तिच्या दारी गेली आणि तिच्या मडक्यात चिंधीचा बोळा कोंबला. संध्याकाळी काय झालं ठाऊक आहे? चिंधीतून गाळून तो सूर इतका मऊ आला की लोक म्हणाले, आज तर कमालच झाली. बयजा त्या दिवशी उपाशी निजली.

आणि तिसऱ्या खेपेला तिनं जे केलं ते त्या गावात कुणी कधी केलं नव्हतं. भर दुपारी ठकूचं मडकं पदराखाली घालून घरी आणलं आणि आपलं तिच्या शिंक्यात ठेवून आली. दोन्ही मडकी झाकलेली, गप्प. कुणाला कळतंय?

संध्याकाळी धुकं उतरलं. बयजानं झाकणी काढली आणि तो गोड सूर तिच्या अंगणात भरला. बाई नुसती फुलून गेली. तेवढ्यात धुक्यातून कुणीतरी जाता जाता म्हणालं, "व्वा ठकू, जीव निवला गं." घ्या! सूर हिच्या दारात, नाव ठकूचंच. बयजानं असे दात खाल्ले की विचारू नका.

मग अंगणात काठी वाजली. ठकूचे सासरे, तात्या. डोळ्यांनी अधू, सगळी भिस्त कानावर. ते सरळ येऊन ओटीवर टेकले.

"ठकूबाई, पाणी दे गं," तात्या म्हणाले.

बयजा पाणी आणायला उठली आणि मधेच थांबली. तात्या ठकूच्या सुरावर इथं आले. मग माझी झिपरी? झिपरी शेळ्या घेऊन कड्याच्या माळावर गेली होती. ती आपल्या घोरण्यावर ठकूकडे गेली असणार. पण कान देऊन ऐकलं तर घोरणं कुठंच नाही. एरवी ते पार माळापर्यंत जायचं.

बयजा कुंपणं चाचपत वर धावली. ठकूच्या दारात शिंकं रिकामं. मडकं आत चुलीपाशी, झाकणी घालून घोंगडीत गुंडाळलेलं. अहो, ठकूला वाटलं, ओल लागून आपल्या मडक्याचा घसा बसला. म्हणून ती त्याला शेक देत बसली होती. अदलाबदल तिच्या डोक्यात येणार तरी कशी?

"ते माझं आहे ठकू," बयजा म्हणाली. "मी बदललं. तुझं बघवत नव्हतं मला. माझी झिपरी कड्यावर आहे गं."

ठकू ताडकन उठली. तिनं घोंगडी ओढली, झाकणी काढली, मडकं बयजाच्या हातात दिलं आणि दुसऱ्या हाताला धरून तिच्याबरोबर निघाली. घुर्रर्र, घुर्रर्र. बयजानं मडकं छातीशी धरलं होतं. ज्या आवाजाची तिला लाज वाटायची त्यालाच ती म्हणत होती, "मोठ्यानं घोर रे बाबा, मोठ्यानं." दोघी बाया माळ तुडवत गेल्या, आणि पुढून शेळी ओरडली.

झिपरी शेळीच्या गळ्याला मिठी मारून उभी होती. मागे चार पावलांवर कडा. बयजानं तिला ओढून घेतलं.

"आई, सगळ्यांचे आवाज येत होते, आपलाच नव्हता," झिपरी म्हणाली. "मला वाटलं, मी तुला नको झाले."

हे ऐकून बयजा तिथंच खाली बसली आणि हमसाहमशी रडली.

पुढं ठकू पंधरा दिवस तिच्याशी बोलली नाही. का बोलावं तिनं? मग बयजाच तिच्या दारी गेली, चुकले म्हणाली, आणि ठकूनं तिला ताक दिलं.

काय म्हणतेस, हेवा गेला का? छे गं. ठकूचा सूर कानी आला की बयजाला थोडं टोचायचंच. पण धुकं दिसलं की ती हातातलं काम टाकून आधी आपल्या मडक्याची झाकणी काढायची, आणि झिपरी उंबऱ्यात येईपर्यंत दारातून हलायची नाही.

अशी ती सगळी सुखानं राहिली. चला, पाय आत घ्या आणि डोळे मिटा. मी इथंच बसलेय, झोप लागेपर्यंत मी गुणगुणतेय, ते ऐका.