नाक्यापुरतं हेल्मेट

डोंगरातून उतरणारा रस्ता जिथं मोठ्या रस्त्याला मिळतो, त्या चिंचवंड फाट्यावर विश्राम नावाचा एक हॉटेलवाला होता. माणूस वाईट नव्हता. शिळी भजी ताज्यात मिसळत नसे आणि दारात आलेल्याला 'बसा' म्हटल्याशिवाय राहत नसे. लोक त्याला शेट म्हणत. त्यालाही ते आवडे.

फाट्यापासून थोडं पुढं, तालुक्याच्या वेशीवर, पोलिसांचा नाका होता. डोंगरातल्या गावांची माणसं मोटारसायकलवरून तालुक्याला जात. कुणी दूध घेऊन, कुणी बायकोला दवाखान्यात घेऊन, कुणी नुसतंच. डोकी सगळ्यांची उघडी. नाक्यावर हवालदार शिरसाट हात आडवा करीत आणि दंड लावीत. लोक दंड भरत, पुढं जाऊन शिव्या देत आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा उघड्या डोक्यानं येत.

गावांत हेल्मेटं नव्हती असं नाही. एका संस्थेनं मागं कार्यक्रम करून घरोघर ती वाटली होती. चांगली जाड, आतून मऊ. कुणी त्यात कोंबडी अंड्यांवर बसवली, कुणी बियाणं ठेवलं. एकानं बुडाला भोकं पाडून तुळस लावली आणि तिचं रोपही छान आलं.

विश्रामला यातून एक युक्ती सुचली. त्यानं वाड्यावस्त्या फिरून, कोंबड्यांना उठवून ती हेल्मेटं गोळा केली आणि हॉटेलच्या भिंतीला खुंट्या ठोकून ओळीनं टांगली. येणाऱ्यानं चहा घ्यावा, खुंटीवरचं एक हेल्मेट डोक्यावर ठेवावं आणि नाका ओलांडावा. पलीकडं विश्रामचा मेव्हणा लहू याची पानटपरी होती. तिथं ते काढून द्यावं. परतताना लहूकडून घ्यावं आणि फाट्यावर आलं की खुंटीला अडकवून डोंगराच्या वाटेला लागावं. भाडं काही नाही. चहा प्यायला की झालं.

लोकांना ही सोय फार पटली. अडचण एकच होती, पट्ट्याची. एकाच्या हनुवटीला बसणारा पट्टा दुसऱ्याला बसेना. बक्कल लवकर निघेना. एक जण टपरीपुढं मान वर करून पट्ट्याशी झटत उभा राहिला की मागं चार गाड्या खोळंबत. लहू कुरकुर करू लागला. तेव्हा विश्रामनं कांदा कापायची सुरी घेतली आणि सगळे पट्टे कापून टाकले. आता हेल्मेट टोपीसारखं चढे आणि टोपीसारखं उतरे. कापलेल्या पट्ट्यांनी त्यानं हॉटेलावरची ताडपत्री आवळून बांधली. वस्तू वाया घालवणं त्याच्या स्वभावात नव्हतं.

गावच्या जत्रेत त्याला शाल आणि नारळ मिळाला. सरकारला जे जमलं नाही ते आमच्या शेटनं करून दाखवलं, असं सरपंच म्हणाले. हवालदार शिरसाट मागच्या रांगेत बसून टाळ्या वाजवत होते. नाक्यावरून जाणारं डोकं झाकलेलं आहे की नाही, एवढंच बघणं त्यांचं काम होतं, आणि ते आता झाकलेलं असे. डोक्यावर काय आहे आणि ते कसं आहे, हे बघायला त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. त्यांचा चहाही विश्रामकडूनच जाई.

विश्रामला गोरख नावाचा एकच मुलगा होता. तो वस्त्यांवरून दूध गोळा करून मोटारसायकलवर डेअरीला नेई. गाडीला दोन्ही बाजूंनी कॅन. गाडी सावकाश चालवी, दारूला शिवत नसे, चालवताना फोन कानाला लावत नसे. असा मुलगा रस्त्यावर कसा मरेल, असं कुणालाही वाटावं. विश्रामला तर वाटतच होतं.

एकदा नाका ओलांडताच लागणाऱ्या डेअरीच्या दारात गोरखच्या डोळ्यांदेखत एक गाडी घसरली. चालवणारा विश्रामच्याच खुंटीवरचं हेल्मेट घालून आलेला होता. आधी हेल्मेट उडालं, मग माणूस पडला. जिवानिशी वाचला, पण नंतर त्याची जीभ जड झाली आणि स्वतःच्या मुलांची नावं त्याला आठवेनाशी झाली. गोरख त्याला भेटून आला, तो सरळ हॉटेलात. हॉटेल भरलेलं होतं. विश्राम कढईपुढं भजी काढत होता.

"आबा, एका हेल्मेटला पट्टा शिवून घेतो," गोरख म्हणाला. "मला रोज जावं लागतं."

विश्रामचा झारा कढईतच थांबला. बाकड्यावर नवनाथ नावाचा एक गडी बसला होता, त्याला थट्टेवाचून चहा गोड लागत नसे. तो म्हणाला, "काय शेट, घरच्यासाठी माल वेगळा का?"

सगळे हसले. विश्रामही हसला. पोराचं बरोबर आहे हे त्याला त्याच घडीला कळलं होतं. पण पोराच्या हेल्मेटला पट्टा लावायचा, तर इतरांचे का कापले हे सांगावं लागणार. आणि सगळ्यांना लावायचे, तर टपरीपुढं पुन्हा गर्दी, पुन्हा कुरकुर. मग लोक चहा दुसरीकडं पिणार. आणि ती शाल? ती कशासाठी मिळाली होती मग?

"आमच्यात वेगळं काही नसतं," तो मोठ्यानं म्हणाला. "जे गिऱ्हाइकाला, तेच पोराला."

बाकड्यावरच्या लोकांना हे ऐकून फार बरं वाटलं. गोरखनं बापाकडं पाहिलं, खुंटीवरचं एक हेल्मेट उचललं आणि तो गेला. तालुक्याच्या बाजारात नवं हेल्मेट मिळत होतं. पण बापाच्या दारावरून बाजारातलं हेल्मेट घालून जायचं म्हणजे चारचौघांत बापाला खोटं पाडायचं. गोरख तसा मुलगा नव्हता.

पुढं ऊसतोडीचे दिवस आले. नाक्याच्या अलीकडं रस्त्यावर नवा ब्रेकर घातला होता. त्यावर पांढरे पट्टे मारायचे राहून गेले होते. रस्त्यावर उसाचं पाचट पडलेलं होतं. पुढं चाललेल्या ट्रॉलीला मागं दिवा नव्हता. ब्रेकर दिसताच ट्रॉली एकदम थांबली. गोरखनं ब्रेक दाबला, पाचटावरून चाक सरकलं आणि गाडी आडवी झाली. तेवढ्यावरून माणूस उठतो, कपडे झटकतो आणि ट्रॉलीवाल्याच्या नावानं चार शब्द बोलतो. पण पहिल्याच हिसक्याला हेल्मेट डोक्यावरून निघालं आणि गडगडत चरात जाऊन पडलं. गोरखचं डोकं रस्त्याच्या कडेला आपटलं. रस्त्यावर दूध पसरलं. लोकांनी त्याला हातापायांना धरून जीपमध्ये घातलं. रुग्णवाहिका लांबून यायची होती.

दवाखान्यात डॉक्टरांनी विचारलं की हेल्मेट होतं का. हवालदार शिरसाट सोबत आले होते. ते म्हणाले, "होतं साहेब. नाक्यावरून मी स्वतः बघितलं." डॉक्टरांच्या कपाळाला आठी पडली. मग डोक्याला एवढं कसं लागलं, असं ते म्हणाले.  तेवढ्यात दुसरा रुग्ण आला आणि ते तिकडं गेले. गोरख तिथून परत आला नाही.

दहाव्याला सगळे नदीच्या घाटावर जमले. पिंड ठेवले. कावळे झाडावर बसून होते, पण खाली येईनात. आपल्याकडं अशा वेळी गेलेल्याची काही इच्छा राहिली आहे असं धरतात, आणि जवळची माणसं एकेक करून पुढं होऊन ती पुरी करण्याचा शब्द देतात. लहूनं हात जोडून सांगितलं की अलकाला, म्हणजे गोरखच्या बायकोला, आम्ही अंतर देणार नाही. गोरखची आई सुंदरा म्हणाली की तुझ्या वासराला विकणार नाही. मित्रांनी सांगितलं की तुझं दुधाचं काम बंद पडू देणार नाही. कावळे जागचे हलले नाहीत.

तेव्हा अलका सासऱ्याकडं वळली. "आबा, त्यांनी तुमच्याकडं काही मागितलं होतं का?"

विश्रामला वाटलं, आता सगळी नदी आपल्याकडं बघते आहे. त्याला आठवायला काही कष्ट पडले नाहीत. शब्द तोंडात होते: पट्टे लावतो. एवढंच म्हणायचं होतं. पण एवढं म्हटलं की पुढचं सगळं आपोआप आलं असतं. पट्टे कुणी कापले, पोरानं कधी मागितला, बाप काय म्हणाला. शेजारी सुंदरा उभी होती. आपण हे बोललो तर ही आपल्या ताटाला ताट लावून पुन्हा कधी बसेल का, असं त्याच्या मनात आलं.

"मला काय मागणार तो," विश्राम म्हणाला. "कधी काही मागितलं नाही माझ्या पोरानं."

नवनाथ पुढच्याच ओळीत होता. त्यानं मान खाली घातली आणि पायानं वाळू उकरली. त्या दिवशी हॉटेलात असलेले आणखीही काही जण तिथं होते. बापच काही म्हणत नाही म्हटल्यावर इतरांनी काय म्हणावं? उन्हं चढली. शेवटी गुरुजींनी दर्भाचा कावळा केला आणि तो पिंडाला शिववून विधी उरकला.

जेवणाच्या पंगतीत कारणांचा खल झाला. एक म्हणाला, ब्रेकरनं मारलं. दुसरा म्हणाला, ट्रॉलीनं. कुणी पाचटाला दोष दिला, कुणी कॅनच्या वजनाला, कुणी जीपमध्ये नीट न ठेवण्याला. अलकाचा मामा परदेशात ड्रायव्हर होता. तो म्हणाला, तिकडं रस्ते आरशासारखे आहेत, तर पोरं वेगानं मरतात. कुठं दारूनं, कुठं ट्रकखाली. दोन चाकांवर बसलेला माणूस जगात सगळीकडं मरतोच, कारणं तेवढी वेगवेगळी. यातलं बहुतेक खरं होतं. आणि ते खरं होतं म्हणूनच विश्रामला गप्प राहणं सोपं गेलं. एवढी कारणं असताना आणखी एक कशाला सांगायचं?

मग पंगतीच्या टोकाहून कुणीतरी म्हणालं, "आणि हेल्मेट असून गेला, हे विसरू नका."

 त्या दिवसापासून डोंगरातल्या गावांत ती गोष्ट पक्की झाली. शेटच्या पोराच्या डोक्यावर हेल्मेट होतं, तरी तो गेला. मग घालायचं कशाला? खुद्द हवालदारांनी पाहिलेलं होतं. तेही आता दंड लावताना पूर्वीसारखे जोरात बोलत नसत. खुंटीवरच्या हेल्मेटांवर धूर बसत गेला.

पुढच्या हंगामात त्याच ब्रेकरवर एक तरुण शिक्षक पडला. डोकं उघडं होतं. विश्राम धावत गेला, तोवर सगळं संपलेलं होतं. भोवतीच्या गर्दीत एक जण म्हणाला की हेल्मेट घालायला हवं होतं. लगेच दुसऱ्यानं त्याला गप्प केलं. "घालून काय होतं? गोरखचं बघितलं ना?"

विश्राम घरी आला आणि त्यानं सुंदराला आणि अलकाला सगळं सांगितलं. सुंदरा भिंतीकडं तोंड करून बसली. अलकानं सगळं ऐकून घेतलं. तिनं कपड्यांची पिशवी भरली आणि ती माहेरी गेली. घाटावर ज्याला तो भ्यायला होता ते सगळं झालंच. फक्त उशिरा झालं, आणि मधे एक माणूस जास्तीचा गेला.

मग त्यानं चांभाराकडून सगळ्या हेल्मेटांना नवे जाड पट्टे शिवून घेतले, आणि ती घेऊन तो फाट्यावर उभा राहू लागला. चहाची अट नाही, परत द्यायची अट नाही, घरी घेऊन जा म्हणे. लोक गाडी हळू करत, त्याला नमस्कार करत आणि पुढं जात. दुःखानं माणसाचं असं होतं, असं एकमेकांना सांगत.

एका सकाळी नवनाथ आला. पुढं टाकीवर एक पोर, मागं दुसरं. विश्रामनं गाडीचं हँडल धरलं.

"गोरख घालून गेला नव्हता, नवनाथ. नुसतं डोक्यावर ठेवून गेला होता. पट्टा मी कापला. त्यानं माझ्याकडं मागितला होता, तू ऐकलंस."

नवनाथनं थट्टा केली नाही. 

"ऐकलं होतं, शेट," तो म्हणाला. "पण घाटावर अलकावहिनीनं विचारलं, तेव्हा तुम्ही नाही म्हणालात. आता लोक म्हणतात, म्हातारा कायपण बोलतो. मीही तसंच म्हणतो. नाहीतर मला सांगावं लागेल की मीही तिथं होतो."

त्यानं विश्रामचा हात हँडलवरून हळूच बाजूला केला. टाकीवरच्या पोरानं नव्या पट्ट्याकडं बोट दाखवून काहीतरी विचारलं. नवनाथनं त्याला पुढं बघायला सांगितलं आणि गाडी नाक्याच्या दिशेनं सोडली. तिघांचीही डोकी उघडी होती.

तात्पर्य: पोलिसाला दाखवण्यापुरतं जे डोक्यावर ठेवलं जातं, ते डोकं वाचवत नाही, आणि मरणाचं खरं कारण ज्यानं वेळेवर सांगितलं नाही, त्याचं नंतरचं खरं बोलणं जिवंत माणसांच्याही उपयोगी पडत नाही.