कणकेच्या हाताचा वन्स मोअर

संगीत नाटकात हयात घालवलेले एक वृद्ध गायक, नरहरबुवा, एकदा आपल्या शिष्यासह सकाळचे फिरायला निघाले होते. शिष्याचे, म्हणजे मुकुंदाचे, डोके तापलेले होते. बुवांनी आपली पदे मोबाइलवर ऐकवायला परवानगी दिली होती आणि उद्या आणखी काही पदांचे ध्वनिमुद्रण व्हायचे होते. "बुवा, ही कलेची विटंबना आहे. उद्या तुम्ही गायलात, तर माझं तुमच्याकडे येणं बंद," असे त्याने तोंडावर सांगितले. बुवांच्या जिव्हारी लागले. पोटच्या पोरासारखा वाढवलेला शिष्य तो!

तेवढ्यात एका घराच्या खिडकीतून बुवांचेच पद ऐकू आले. तान सुरू झाली, अर्ध्यावर तुटली, पुन्हा पहिल्यापासून सुरू झाली. पुन्हा तुटली! मुकुंद कडाडला, "अहो, ऐकायचं तर सलग ऐका! मध्येच काय तोडताय?"

खिडकीत एक बाई आली. हाताला कणीक, मोबाइललाही कणीक. बिचारी ओशाळली. "त्रास झाला का हो? ही जागा इतकी गोड घेतलीय ना, मनच भरत नाही, म्हणून मागे नेते. सासूबाई अंथरुणाला खिळलेल्या, नाटकाला जाणं काही कधी जमलं नाही."

समोरचा म्हातारा कोण, हे तिला कुठून कळणार? बुवांनी भर रस्त्यात चपला काढल्या आणि तिला वाकून नमस्कार केला. ती पार गोंधळून गेली.

"बुवा, हे काय?" मुकुंदाने हळूच विचारले.

"अरे वेड्या, वन्स मोअर मिळाला की नटाने प्रेक्षकांना नमस्कार करायचा असतो. आमच्या वेळी तो मागायचं कोण? पुढच्या खुर्च्यांवरचे, मोठ्या आवाजाचे. मागे बसलेली माणसं मनातल्या मनात मागून घरी जायची. आणि जी घराबाहेरच पडू शकली नाही, तिचं काय? आज एका बोटाने ती मला हवं तितक्या वेळा परत गायला लावते. काय अजब यंत्र काढलंय रे माणसाने! एवढा मान मला भरल्या नाट्यगृहातही मिळाला नव्हता."

बुवांचे डोळे भरून आले होते. मुकुंद खिडकीशी जाऊन म्हणाला, "ताई, चुकलं माझं. तुम्हाला आणखी कोणतं पद ऐकायचंय, सांगा. उद्या बुवा तेच गातील, तंबोऱ्याला मी असेन."