तीन हाका

तालुक्याच्या दवाखान्यात बहिऱ्यांना दाखले देण्याचं शिबिर होतं. दाखल्याशिवाय कानाचं यंत्र मिळत नसे. शिपाई दारातून एकेकाचं नाव तीनदा पुकारी, आणि कुणी उठलं नाही की सापळे डॉक्टर यादीत ‘गैरहजर’ लिहीत. बाकांवर वीस माणसं वाट बघत बसलेलीच होती.

त्यांतली अनसूया शिवणकाम करायची, तिला लिहितावाचता येत होतं. टेबलाशी जाऊन तिनं यादी पाहिली आणि काय चाललंय ते ओळखलं. मग बहिऱ्यांच्या खुणांच्या भाषेत तिनं डॉक्टरांना तीनदा हाक मारली. डॉक्टर नुसते बघत राहिले.

तिनं त्यांचंच पेन उचललं आणि यादीच्या माथ्यावरच्या त्यांच्या नावापुढं लिहिलं, ‘तीनदा बोलावलं. उत्तर नाही. गैरहजर.’

डॉक्टरांनी ते वाचलं आणि शिपायाला फळा आणायला पाठवलं.