कापूसरावाची नखं

एका बाजाराच्या गावात एक शिंपी आणि शिंपीण राहत. त्यांना मूलबाळ नव्हतं, पण एक काकाकुवा होता. पांढराशुभ्र, डोक्यावर पिवळा तुरा. शिंपी त्याला लाडाने कापूसराव म्हणायचा.

कापूसराव दिवसभर शिंप्याच्या खांद्यावर असे. गिऱ्हाईक उंबऱ्यात आलं की तुरा फुलवून ओरडे, "आधी माप, मग कात्री!" हे शिंप्याचंच बोलणं, ऐकून ऐकून त्याला पाठ झालेलं. लोक म्हणत, "यातला मालक कोण, तेच कळत नाही बुवा!"

त्याची बसायची काठी गुळगुळीत वेताची होती. तिच्यावर नखं झिजेनात. वाढता वाढता ती आकड्यासारखी वळली. एक दिवस नवरीच्या चोळीच्या जरीत नख अडकलं. सुटायला धडपडताना बोटच मोडायचं, पण थोडक्यात वाचलं.

शिंपीण म्हणाली, "बुधवारी कासारीण येईल. तिला विचारा. तिचा हात हलका आहे."

"बांगड्या भरणारीला काय विचारायचं? माझा जन्म गेला कापण्यात!" शिंपी हसला. त्याने कापूसरावाला गच्च आवळलं आणि मोठ्या कात्रीने एक नख कचकन उडवलं.

केवढी किंकाळी फुटली! रक्त थांबेना. शिंपिणीने धावत चिमूटभर कणीक आणून बोटाशी दाबून धरली, तेव्हा कुठे ते थांबलं. कापूसराव उडाला तो थेट फडताळावर. तुरा मिटलेला. शिंप्याने हात पुढे केला की तो मागे सरके.

त्या दिवसापासून दुकान मुकं झालं. शिंप्याला भाकरी गोड लागेना. खांदा हलका झाला होता, पण त्याचंच ओझं वाटे.

बुधवारी कासारीण आली. सगळं ऐकून म्हणाली, "दादा, माप घेतलं होतं का?"

"नखाचं कसलं आलंय माप?"

"अगंबाई! पाखरू साऱ्या गावाला शिकवतं, आणि तुम्हीच विसरलात?" ती खाली बसली. "नखाच्या आत जिव्हाळी असते. तिथे जीव असतो. आपलं नख फिकं, आतली लाली दिसते. याचं काळं, काहीच दिसत नाही. म्हणून टोक तेवढं, तिळाएवढं, बारीक कानशीने घासायचं. एका दिवशी एकच नख. मऊ पंच्यात सैल गुंडाळा, छाती दाबू नका. पाखराचा श्वास कोंडतो. मी बांगडी भरते ती हात ओढून का? हाताच्या कलाने घेते."

शिंप्याने फडताळाकडे पाहिलं. "पण तो जवळच येत नाही, बाई."

"बोलावू नका. वाट बघा."

शिंप्याने वेताची काठी काढून पेरूची खरबरीत फांदी बांधली. रोज सकाळी तळहातावर सूर्यफुलाच्या बिया घेऊन फडताळाखाली उभा राही. हात भरून येई. आठव्या दिवशी एक बी उचलली गेली. पंधरवड्याने खांद्यावर ओळखीचं वजन आलं. शिंपी जागचा हलला नाही. पुढे महिनाभर तो नुसता बोटांना हात लावी आणि सोडून देई.

मग एका सकाळी तो दारातल्या उन्हात बसला. मांडीवर पंच्यात कापूसराव, शेजारी वाटीत कणीक घेऊन शिंपीण. शिंप्याने कानस उचलली आणि पुन्हा खाली ठेवली. खिशातला कापडावर खुणा करायचा खडू काढला. काळ्या नखाच्या अगदी टोकाशी पांढरी रेघ ओढली. मग हळूहळू घासलं, रेघेच्या अलीकडेच थांबला.

रक्त नाही. ओरडणं नाही. पंच्यातून पिवळा तुरा वर आला.

"आधी माप, मग कात्री!"

"हो महाराज," शिंपी डोळे पुसत म्हणाला, "आता कळलं."

तात्पर्य: ज्याच्याबद्दल जिव्हाळा आहे, त्याची जिव्हाळी कुठे आहे ते आधी पाहावं, हत्यार मग उचलावं.